हिरवं प्यादं

१

आमच्याकडे रविवार म्हणजे पटेल. खैरलांजीची बस आली की थोड्या वेळात फाटकाची कडी वाजायची. चैतराम पटेल काठी टेकत आत यायचे आणि बैठकीतल्या वेताच्या खुर्चीत बसायचे. ते बसले की वेत करकरायचा. तो आवाज आला की मी चहा टाकायचा. माझ्या लग्नाच्या आधीपासून हे असंच चाललेलं होतं, त्यात बदल करणारी मी कोण!

मधल्या तिवईवर बुद्धिबळाचा पट कायम मांडलेला असायचा. पटेलांचे मोहरे लाल, आमचे हिरवे. आमचे म्हणजे ह्यांचे. माझे यजमान नीळकंठराव कलेक्टर कचेरीत कारकून, पण ते पोटापुरतं. बाकी सगळा माणूस त्या चौसष्ट घरांत राहायचा. गोंदियाच्या गणेशोत्सवातला पेला, नागपूरची ढाल, जबलपूरला पहिलं बक्षीस. कपाटावर जागा उरली नाही म्हणून सासूबाईंनी एका पेल्यात मेथीदाणे भरून ठेवले होते.

छप्पन साली राज्यांची वाटणी झाली. नागपूर तिकडे गेलं, बालाघाट इकडे मध्य प्रदेशात राहिलं आणि नागपूरच्या मंडळींनी ह्यांना कळवलं की आता तुम्ही बाहेरचे. तेव्हा हे जेवले नाहीत. बहीण सासरी गेली तेव्हा व्यवस्थित जेवले होते, हे सासूबाईंनीच मला सांगितलं. मग ह्यांनी तोंड भोपाळकडे वळवलं. तिथे विलायती नियमाने खेळत, प्यादं पहिल्यांदा दोन घरं चालत असे. हे म्हातारपणी मोडी शिकल्यासारखे ते नियम शिकले आणि तिथेही जिंकायला लागले. जबलपूरच्या वर्तमानपत्रात फोटो आला. त्यात ह्यांच्या कोटाचं बटण तुटलेलं दिसत होतं, ते माझ्या नावावर जमा झालं.

एवढं सगळं झालं, पण पटेलांना ह्यांनी एकदाही हरवलं नव्हतं.

२

पटेल काही साधी आसामी नव्हती. खैरलांजीकडची मोठी धानाची शेती, आणि राजेरजवाडे होते त्या काळात त्यांच्या बैठकीत खेळलेला माणूस. चांदीच्या मुठीची काठी कुठल्याशा राजाने दिलेली, आणि उजव्या अंगठ्यात चांदीचं जाड कडं. चाल करायच्या आधी ते कडं पटाच्या काठावर एकदा आपटायचे. टक्. मग मोहरा उचलायचे. आत स्वैपाकघरात मला त्या आवाजावरून कळायचं की आता ह्यांचा चेहरा पडणार.

पटेल फक्त देशी नियमाने खेळत. त्यातली त्यांची एक शान होती. समोरच्याला मात द्यायची ती प्याद्यानेच. वजिराने, हत्तीने मात कोणीही देतो म्हणायचे. आणि समोरच्या राजाचा शेवटचा मोहरा कधी मारायचा नाही. देशी खेळात राजा अगदी एकटा उरला की डाव तिथेच संपतो, कोणी जिंकत नाही, कोणी हरत नाही. त्याला बुर्जी म्हणतात. पटेलांच्या सगळ्या आयुष्यात एकदाही बुर्जी झाली नव्हती. मी एकदा चहा ठेवता ठेवता विचारलं की सगळं मारता, मग ते एकच काहून सोडता?

"राजाले सोबत ठेवा लागते, बाई," ते म्हणाले. "एकटा पडला का मंग त्याले हरवनार कसं?"

हे हसले. मीही हसले. सासूबाई आतून म्हणाल्या की चहा निवून राहिला.

धान निघून गेल्यावरच्या थंडीत एक रविवार असा आला की पटेल डाव अर्धा टाकून उठले. पोटात दुखतं म्हणाले. उपरणं काढून त्यांनी पटावर पसरलं. चाल माझी आहे, पुढच्या खेपेला करीन, तोवर झाकून ठेवा, एवढं सांगून ते बसला गेले. त्याच आठवड्यात खैरलांजीला वारले. हे तेरवीला जाऊन आले. पट तसाच होता. मांडलेला डाव मोडायचा नाही, ज्याची चाल आहे त्याची राहू द्यायची, असा ह्या खेळणाऱ्यांचा रिवाज. मला तो रिवाज म्हणजे बैठकीतली एक तिवई कायमची अडली एवढंच वाटलं.

३

तेरवीनंतरच्या रविवारी मी सवयीने पटेलांचाही चहा टाकला. पाणी उकळत असताना बैठकीत वेत करकरला. मी गूळ फोडत होते. करकरला तसा मी गूळ जास्त घेतला, पटेलांना गोड लागायचा. मग हात थांबला. तेवढ्यात आवाज आला. टक्.

मी हात पदराला पुसत बाहेर गेले. बैठकीत कोणी नव्हतं. हे न्हाणीत होते, पाण्याचा आवाज येत होता. सासूबाई देवघरात. उपरणं पटावर नीट पसरलेलं होतं.

मी मुलींच्या शाळेत गणित शिकवते. भुताखेतांवर माझा विश्वास नाही, आणि त्यांचा माझ्यावर असला तर त्यांचं ते पाहून घेतील. थंडीत लाकूड आवाज करतं, वेत सैल पडतो. मी परत जाऊन चहा गाळला.

हे आले, उपरणं उचललं आणि तसेच उभे राहिले. चहा निवला तरी उभेच. मग म्हणाले, "पटेलनं घोडा मारला माझा."

हिरवा घोडा खाली तिवईवर आडवा होता, त्याच्या घरात लाल उंट उभा होता. मी म्हटलं मैनाबाईचा झाडू लागला असेल. मैनाबाई आमच्याकडे झाडझूड करायची. झाडूला देशी नियम येतात काय, असं ह्यांनी विचारलं. चेहऱ्यावर भीती नव्हती. मी इतक्या वर्षांत तो चेहरा पाहिला नव्हता, लग्नाच्या फोटोतसुद्धा नाही. ह्यांना आनंद झाला होता.

ह्यांनी आपली चाल केली आणि पट पुन्हा झाकला. त्या आठवड्यात आमची गाय गेली. चाऱ्यात काही आलं असेल, पोट फुगलं आणि सकाळी मेलेली सापडली. घोडा आणि गाय, काही जुळत नाही. मी जुळवलंही नाही.

४

मग महिन्यामागून महिने गेले. कधी रविवारी काही व्हायचं नाही, कधी टक् व्हायचं. मी ठरवलं होतं की हे स्वतःच दोन्ही बाजू खेळतात. एकटे खेळणारे खेळतातच. त्यात वाईट काय, नवरा बाहेर तर जात नाही. न्हाणीतून हात कसा पोचतो एवढा एक हिशोब सुटत नव्हता, तो मी बाजूला ठेवला. मैनाबाई मात्र बैठक झाडायला नाही म्हणाली. कारण विचारलं तर पायाच्या अंगठ्याने जमीन उकरत राहिली.

"ते खुर्ची गरम रायते, बाई," ती म्हणाली. "कोनी बसून उठलं वानी."

मी तिला ऊन येतं म्हणून सांगितलं. बैठकीत ऊन येत नाही.

पुढच्या थंडीत हिरवा हत्ती गेला. ह्यांचे धाकटे भाऊ गुणाकरभाऊजी आमच्याकडेच राहायचे, भरवेलीच्या खाणीच्या कचेरीत जायचे, सायकलने. मला वहिनी म्हणून हाक मारून डब्यात काय आहे ते रोज विचारणारा तो एकच माणूस त्या घरात होता. सोमवारी संध्याकाळी उतारावर सायकल घसरली, डोकं खडीवर आपटलं. लोकांनी घरी आणलं तेव्हा डबा मागच्या कॅरियरला तसाच बांधलेला होता.

तेरवी झाल्यावर मी ह्यांना म्हटलं की हा डाव मोडा. ह्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी घर विकायला सांगितलंय. मांडलेला डाव मोडत नसतात, म्हणाले. मग हळू आवाजात सांगितलं की पटेलांना एकदा तरी हरवायचंय, बाकी पेले काय, ते मेथीदाणे ठेवायला ठीक आहेत. भाऊ गेला त्याचं काय, असं मी विचारलं. सायकल घसरली, असं ते म्हणाले. मीही स्वतःला तेच सांगत होते, त्यामुळे भांडायला काही उरलं नाही.

हे भोपाळला खेळायला गेले तेव्हा मी सगळे मोहरे गोळा केले, पिशवीत भरले आणि पिशवी धान्याच्या कोठीत खाली दाबून टाकली. उपरणं धुऊन वाळत घातलं. हे आले, बॅग ठेवली. कोठीतून पिशवी काढली आणि अर्धा डाव होता तसा पटावर लावला. असल्या लोकांना डाव तोंडपाठ असतात, त्यात नवल नाही. लाल वजीर मात्र त्यांनी भलत्याच घरात ठेवला. मी मोहरे उचलण्याआधी नीट पाहून ठेवलं होतं, म्हणून म्हटलं की हा इथे नव्हता.

"मधल्या रविवारी त्यांची चाल झाली असन," हे म्हणाले.

तो रविवार मी बैठकीचं दार लावून शाळेच्या वह्या तपासण्यात घालवला होता. दोनदा वेत करकरला होता. मी ह्यांना ते सांगितलं नाही.

५

हिरव्या बाजूला आता राजा, वजीर आणि एक प्यादं. लाल बाजूला पुष्कळ. एवढं मलाही दिसत होतं.

ह्यापुढचं मी सांगते ते हसण्यासारखं आहे. मी स्वतःला वजीर समजत होते. घरात कमावती दुसरी मी, ह्यांच्या कोटाची बटणं मी, सासूबाईंची औषधं मी, पाहुणेरावळे मी. लाल हत्ती सरळ रेषेत हिरव्या वजिरासमोर येऊन बसला त्या रविवारी मी पेटी आवरली. आईने दिलेल्या पाटल्या सासूबाईंच्या हाती दिल्या. त्या म्हणाल्या, काहून, कुठे निघाली? मी म्हटलं, कुठे नाही, सांभाळा. शाळेत उत्तरपत्रिका वेळेआधी देऊन टाकल्या.

पुढच्या रविवारी टक् झालं, वजीर गेला, आणि दोन दिवसांनी सासूबाई देवघरात बसल्या जागी गेल्या. वय झालं होतं, डॉक्टरांनीही तेच सांगितलं. पाटल्या त्यांच्या उशाखाली सापडल्या.

मी खूप रडले. सगळ्यांना वाटलं सून असावी तर अशी. सासूबाईंसाठी रडले हे खरं, पण वजीर त्या होत्या आणि मला इतक्या वर्षांत ते कळलं नव्हतं, ह्याचंही रडू होतं. मग पटावर उरलेलं ते एक हिरवं प्यादं पाहिलं. रंग उडालेलं, एका बाजूने टवका गेलेलं. बरं, म्हटलं. असू दे.

मी प्यादं असले तर मला काही होणार नव्हतं. पटेल शेवटचा मोहरा मारत नाहीत. राजाला सोबत ठेवतात, आणि मग लाल प्यादी एकेक घर सरकवत आणतात. म्हणजे आता पाळी राजाची, ह्यांची होती. आधी हायसं वाटलं, मग त्या हायसं वाटण्याची किळस आली. खोटं कशाला बोलू, मला हा माणूस हवा होता. माझ्याशी दिवसात चार वाक्यं बोलणारा, पण ती चार वाक्यं ऐकायला मी शाळेतून घाईने घरी येत असे. मी देवाला सांगितलं, ह्यांना वाचव. गणित शिकवणारी बाई देवाला सांगायला लागली ह्यावरून काय ते समजा.

ह्यांना मी सगळं बोलून दाखवलं. गाय, भाऊजी, सासूबाई, आणि आता उरलेले दोघं. कोण कोणता मोहरा तेही सांगितलं. हे पटाकडे पाहत ऐकत होते. ऐकलं की नाही कळायला मार्ग नव्हता. शेवटी हौ म्हणाले, आणि पाहतच राहिले.

६

राज्याच्या स्पर्धेची शेवटची फेरी जबलपूरला होती. ह्या खेपेला हे जिंकले तर देशाच्या स्पर्धेत खेळणार, बालाघाटचा पहिला माणूस. कचेरीतले लोक हार घेऊन येऊन गेले. रविवारी दुपारच्या छोट्या गाडीने, अरुंद रुळांवरच्या आगगाडीने, निघायचं होतं.

सकाळी हे पटासमोर बसले होते. लाल प्यादी हिरव्या राजाच्या अंगणात आली होती, अजून एक चाल आणि मात. मी दाराशी उभी होते. आपलं कपाळ आता कधी पुसलं जाणार ह्याचा विचार करत होते, आणि दुधावर लक्ष होतं.

ह्यांनी एकदम हात पुढे केला आणि हिरवं प्यादं एक घर सरकवलं.

"शह," हे म्हणाले.

मला खेळातलं फार कळत नाही म्हणून ह्यांनी समजावून सांगितलं, शाळेतल्या पोरीला सांगावं तसं. प्याद्याने लाल राजाला शह दिलाय. राजाला सरकायला दुसरं घर नाही, चारी बाजूंनी त्याचेच मोहरे. सुटायचं तर ते प्यादं मारणं एवढा एकच मार्ग. आणि मारलं की हिरवा राजा एकटा. बुर्जी. डाव बरोबरीत. पटेलांच्या आयुष्यातली पहिली.

"पटेलले आता मारावंच लागते, उमे," हे म्हणाले. "नाही तर हार माना लागते. अन् हार तं ते मानत नाहीत."

एवढी सुंदर चाल ह्यांनी कुठल्याच स्पर्धेत केली नव्हती, हे मलासुद्धा कळलं. मी पटाकडे पाहिलं, मग ह्यांच्याकडे. हे उपरणं पसरण्यात गुंतले होते. कोपरे सारखे करत होते.

मी म्हटलं, मीही येते जबलपूरला. शाळेला सुटी टाकते.

घरी कोणीतरी पाहिजे, असं हे म्हणाले.

मग ते उठून स्वैपाकघरात गेले. भांड्यांचा आवाज आला. कितीतरी वेळ येत राहिला. हे परत आले ते हातात दोन पेले घेऊन. एक पटेलांच्या खुर्चीजवळच्या स्टुलावर ठेवला, एक माझ्या हातात दिला. लग्न होऊन इतकी वर्षं झाली, ह्यांनी माझ्यासाठी कधी चहा केला नव्हता. पेला हातात आला आणि मला कळलं की ह्यांनी त्या दिवशी माझा शब्द न् शब्द ऐकला होता.

ह्यांनी बॅग उचलली. फाटकाची कडी वाजली. मागे वळून पाहिलं नाही.

७

मी बैठकीचं दार ओढून आतल्या खोलीत बसले आहे. पळून जावं असंही मनात आलं. पण गुणाकरभाऊजी काही घरात नव्हते, उतारावर होते. मोहरे कोठीत दाबले तरी चाल झालीच होती. प्यादं एक घर मागे घ्यावं हेही मनात आलं, सांगून टाकते. माझा हात उपरण्यापर्यंत गेला होता. मागे घेतलं तर पटेलांचं लाल प्यादं पुढे येणार, आणि छोटी गाडी तेव्हा नैनपूरच्या जंगलात असणार. मी हात काढून घेतला. ह्या माणसाने मला पुढे केलं तरी मला तो हवाच होता. माझंच मला हसू आलं.

बाहेर खैरलांजीची बस थांबल्याचा भोंगा झाला. आज तिला फार उशीर झाला होता.

फाटकाची कडी वाजली नाही. वेत करकरला.

दार पूर्ण लागत नाही, फट राहते. मी फटीतून पाहिलं. खुर्ची रिकामी होती, पण बसायच्या जागेचा वेत मधोमध खाली गेला होता, बसल्यावर जातो तसा. पटेलांच्या पेल्यातून वाफ निघत होती. उपरण्याचा एक कोपरा वर उचलला गेला आणि मागे पडला, व्यवस्थित, घडीवर. मग पटाच्या काठाशी काहीतरी चमकलं. अंगठ्यातलं कडं. अंगठा होता. त्याच्या मागे मी पाहिलं नाही.

टक् झालं नाही.

अंगठा आणि दोन बोटं हिरव्या प्याद्याच्या वर येऊन थांबली. खाली आली नाहीत, मागेही गेली नाहीत. मला पटेल ठाऊक आहेत. अडचणीत आले की असाच हात मोहऱ्यावर धरून विचार करत बसायचे. सासूबाई दोनदोनदा चहा गरम करायच्या. शेवटचा मोहरा त्यांनी कधी मारला नाही, आणि हारही कधी मानली नाही.

मी माझा पेला तोंडाला लावला. चहा गोडमिट्ट होता. कोणत्या डावात कोणतं प्यादं कोणत्या घरात होतं हे ह्यांना वर्षांमागचं आठवायचं. मी बिनगुळाचा घेते, हे ह्यांना माहीत नव्हतं.

बैठकीत हात अजून तसाच आहे. पटेल विचार करून राहिले आहेत.